सामर्थ्य आधीं, विवेक मागून

लहानपणीं पाहिलेल्या, ऐकलेल्या आणि वाचलेल्या गोष्टींपैकीं बहुतेक गोष्टी मनुष्य विसरून जातो, व हें एका अर्थीं त्याच्या हिताचेंच आहे. ज्याला सगळेंच आठवतें त्याला विचार करण्यास मोकळी जागा उरत नाहीं. परंतु या सार्वत्रिक विस्मरणांतूनहि कांहीं थोड्या गोष्टी मागें राहतात, आणि वीस वीस वर्षें लोटलीं तरी फिक्या पडत नाहींत. त्याच कां राहिल्या, हा प्रश्न वरवर मानसशास्त्राचा दिसतो. पण थोडें खोल गेलें असतां तो नीतिशास्त्राच्या हद्दींत शिरतो असें आमचें मत आहे. तें मत आम्हांस येथें अशा एका उदाहरणावरून मांडावयाचें आहे कीं ज्याचा उल्लेख पाहून कांहीं वाचकांच्या भुंवया चढतील. अद्भुत शक्ति अंगीं असलेल्या पोरवयाच्या वीरांची एक अमेरिकन चित्रमालिका, घरोघर मुलें जिला कार्टून म्हणतात त्या जातीची, हें तें उदाहरण होय.

असल्या विषयास एका वाङ्मयीन मासिकानें जागा द्यावी कीं काय, अशी शंका कोणी घेतली तर तिचें उत्तर प्लेटोनें फार पूर्वींच देऊन ठेविलें आहे. आदर्श राज्याच्या रक्षकांचें शिक्षण कोठून सुरू करावें याचा विचार 'रिपब्लिक' ग्रंथांत करतांना त्यानें तालमीच्याहि आधीं, दाया आणि माता मुलांस ज्या गोष्टी सांगतात त्यांना हात घातला. कोंवळ्या मनावर जो ठसा प्रथम उमटतो तो सहसा पुसत नाहीं, असें त्याचें म्हणणें. म्हणून गोष्टींवर राज्याची नजर असावी, हा त्यानें काढलेला निष्कर्ष आम्हांस मान्य नाहीं. पण गोष्टींस त्यानें जें महत्त्व दिलें तें यथार्थ होतें. त्या काळीं दाई जें काम करीत असे तें आज बऱ्याच अंशीं पडदा करतो. तेव्हां पडद्यावरील गोष्टीस क्षुल्लक म्हणून बाजूस सारणें, यांत सुसंस्कृतपणापेक्षां निष्काळजीपणाच अधिक आहे.

'टीन टायटन्स' ही मालिका कार्टून नेटवर्क या वाहिनीवर १९ जुलै २००३ रोजीं सुरू झाली आणि जानेवारी २००६ मध्यें संपली. पांच पर्वें, पर्वागणिक तेरा भाग, म्हणजे एकूण पासष्ट भाग, एवढाच तिचा पसारा. मूळ कल्पना छापील चित्रकथांतली. १९६४ सालीं डी. सी. कॉमिक्स या प्रकाशनसंस्थेनें आपल्या प्रसिद्ध वीरांच्या पोरवयाच्या साहाय्यकांस एकत्र आणलें. १९८० सालीं लेखक मार्व्ह वुल्फमन व चित्रकार जॉर्ज पेरेझ यांनीं त्या मंडळीची नवी घडण केली, आणि मालिकेनें मुख्यत्वें तीच घडण उचलली. रॉबिन हा निव्वळ बुद्धि आणि कसरत यांच्या बळावर लढणारा नायक. स्टारफायर ही परग्रहावरील राजकन्या. सायबॉर्ग हा निम्में शरीर यंत्राचें झालेला तरुण. बीस्ट बॉय हा वाटेल त्या प्राण्याचें रूप घेणारा थट्टेखोर पोर. आणि रेव्हन ही मंत्रसामर्थ्य असलेली अबोल मुलगी. हीं पांच मुलें शहरासमोरच्या एका बेटावर, इंग्रजी टी अक्षराच्या आकाराच्या मनोऱ्यांत राहतात. त्या घरांत आईबाप नाहींत, शिक्षक नाहींत, कोणी वडीलधारें माणूस नाहीं. कार्टून नेटवर्क भारतांत आलें तें १९९५ सालीं. तेव्हां असल्या मालिकांचा प्रश्न आतां सातासमुद्रांपलीकडचा राहिलेला नाहीं, तो आपल्या बैठकीच्या खोलींतला झाला आहे.

अशी मालिका स्मरणांत कां राहते, या प्रश्नाचें सोपें उत्तर असें, कीं तिच्यांत अचाट सामर्थ्यें आहेत आणि तुंबळ लढाया आहेत. हें उत्तर टिकत नाहीं. या जातीच्या कथांत सामर्थ्यें पैशाला पासरी मिळतात. उडणें, अदृश्य होणें, हातांतून ज्वाळा सोडणें हें सर्व एका मालिकेंतून काढून दुसरींत घातलें तरी कोणाच्या ध्यानांतहि यावयाचें नाहीं. आणि ज्याची अदलाबदल इतकी सहज होते तें कोणत्याहि एका कथेच्या स्मरणाचें कारण होऊं शकत नाहीं. दुसरें उत्तर चित्रकलेचें. जपानी चित्रपटांची छाया घेतलेल्या या मालिकेच्या रेषेंत एक चटकदार लवचिकपणा आहे. रागावलेल्या पात्राचें डोकें क्षणांत फुग्याएवढें होतें, लाजलेलें पात्र वितळून जातें. तिचें शीर्षकगीतहि 'पफी आमियुमी' या जपानी जोडीनें गाइलेलें असून तें कानांत घोळत राहतें. परंतु डोळ्यांस आणि कानांस सुख देणाऱ्या गोष्टी आठवण जागी करतात, तिला जन्म देत नाहींत. घंटेच्या आवाजानें देऊळ आठवतें. पण देवळांत कांहीं घडलेलेंच नसेल तर नुसती घंटा काय आठवून देणार?

या ठिकाणीं आपल्या नैयायिकांचें एक मत आमच्या उपयोगीं पडतें. स्मृति ही केवळ संस्कारापासून उत्पन्न होते, असें ते मानतात. अनुभव येतो आणि जातो. जातांना तो मनावर एक सूक्ष्म ठसा ठेवून जातो, त्याचें नांव संस्कार. पुढें निमित्त मिळालें म्हणजे तोच ठसा जागा होऊन स्मृतीचें रूप घेतो. आतां गंमत अशी, कीं मराठींत आपण मुलांवर 'चांगले संस्कार' करावे असें म्हणतों तेव्हां हाच शब्द वळणाच्या आणि शीलाच्या अर्थानें वापरतों. हा योगायोग आम्ही समजत नाहीं. मनांत टिकणें आणि मनास वळण लागणें या दोन क्रियांचें मूळ एकच आहे, असें भाषेनेंच सुचविलें आहे. उपदेश विसरला जातो. कारण तो कानांवर पडतो, पण सोसावा लागत नाहीं. जें सोसलें, मग तें दुसऱ्याच्या निमित्तानें व कल्पनेंत कां होईना, तें राहतें. म्हणून आपला मूळ प्रश्न असा बदलून घेतां येईल: पोरवयाच्या वीरांच्या कथेंत असें काय असतें, कीं जें पाहणाऱ्या मुलाला सोसावें लागतें?

याचें उत्तर शोधण्यास पोरवयाचेंच स्वरूप पाहिलें पाहिजे. ॲरिस्टॉटलनें आपल्या नीतिग्रंथाच्या आरंभींच सांगून टाकलें आहे, कीं तरुण मनुष्य असल्या व्याख्यानांचा योग्य श्रोता नव्हे. कारण त्याला व्यवहारांतील कृत्यांचा अनुभव नसतो व तो विकारांच्या मागें जातो. पुढें त्याच ग्रंथांत तो म्हणतो, कीं घर बांधून माणूस गवंडी होतो, त्याप्रमाणें न्यायाचीं कृत्यें करूनच न्यायी होतो. हीं दोन विधानें शेजारीं ठेविलीं म्हणजे तरुणाची अडचण लख्ख दिसते. कृति केल्यावांचून त्याला शहाणपण येणार नाहीं, आणि शहाणपण येण्यापूर्वींच त्याला कृति करावी लागणार. सामर्थ्य आधीं येतें आणि विवेक मागून येतो. हा कोणाचा दोष नसून मनुष्याच्या घडणीचा क्रमच तसा आहे. दोषाचा प्रश्न उद्भवतो तो मधल्या काळाविषयीं. त्या काळांत ज्या चुका होतात त्यांची किंमत बहुधा दुसराच कोणी देतो.

प्लेटोच्याच ग्रंथांत एका मेंढपाळाच्या अंगठीची गोष्ट आहे. अंगठीचा खडा आंत वळविला कीं तो अदृश्य होई. आणि पकडलें जाण्याचें भय गेल्याबरोबर त्यानें राजाचा घात करून राज्य बळकाविलें. भय नसतांनाहि मनुष्य नीतीनें वागेल काय, हा तेथील प्रश्न. सुपरहीरोंच्या सर्व कथा म्हणजे या अंगठीचींच रूपांतरें होत. पण ती अंगठी पंधरा वर्षांच्या मुलाच्या बोटांत घातली म्हणजे प्रश्न पालटतो. त्या मुलाला दुष्टपणा करावयाचा नसतो. आपण काय करीत आहों हेंच त्याला पुरतें कळत नसतें. ऑगस्ट १९६२ मध्यें स्टॅन ली व स्टीव्ह डिट्को यांनीं जी स्पायडरमॅनची पहिली कथा प्रसिद्ध केली तिनें हा पालट प्रथम ठळकपणें दाखविला. त्यापूर्वींचे पोरवयाचे वीर बहुधा कोणा मोठ्याचे साहाय्यक असत. १९४० सालीं बॅटमॅनच्या शेजारीं उभा राहिलेला रॉबिन हा त्यांपैकींच. स्पायडरमॅनच्या कथेंतील पीटर पार्कर हा मात्र कोणाचाच साहाय्यक नव्हता. त्याच्या हातून घडलें तरी काय? समोरून पळणाऱ्या एका चोरास त्यानें अडविलें नाहीं, एवढेंच. पुढें त्याच चोराच्या हातून त्याला वाढविणाऱ्या चुलत्याचा खून झाला. त्या न केलेल्या कृत्याची किंमत निर्दोष मनुष्यानें दिली, आणि ती परत घेण्याची सोय कथाकारांनीं ठेविली नाहीं.

आपल्याकडील वाचकांस येथें अभिमन्यूची आठवण झाल्यावांचून राहणार नाहीं. त्याला चक्रव्यूहांत शिरण्याची विद्या येत होती, बाहेर पडण्याची येत नव्हती. शौर्य पुरें आणि ज्ञान अर्धें, हें सर्वच पोरवयाचें चित्र आहे. त्या प्रसंगीं वडील मंडळींनीं त्याला 'तूं वाट करून दे, आम्ही मागोमाग येतों' असें सांगितलें होतें, व जयद्रथानें त्यांना दारांतच अडविलें, हाहि भाग विसरण्याजोगा नाहीं. त्याकडे आम्ही शेवटीं येणार आहों.

आतां 'टीन टायटन्स'कडे वळूं. तिचा नायक रॉबिन याचा मुख्य शत्रु स्लेड हा मुखवटा घातलेला, मंद स्वरांत बोलणारा, योजनाबद्ध मनुष्य आहे. त्याला पकडावयाचें म्हणून रॉबिन 'रेड एक्स' या चोराचें सोंग घेतो, आणि तें सोंग आपल्या चारहि सोबत्यांपासून लपवून ठेवितो; त्यांच्याशीं खरोखर लढतोहि. हेतु चांगला, साधन असत्य. सोंग उघडकीस आल्यावर शत्रु तर हातीं लागत नाहींच, पण मित्रांचा विश्वास मात्र हातचा जातो. पुढें स्लेड त्या मित्रांच्या रक्तांत प्राणघातक सूक्ष्म यंत्रें सोडून रॉबिनला आपला शिष्य होण्यास भाग पाडतो. तेव्हां रॉबिन तींच यंत्रें स्वतःच्या शरीरांत घेतो आणि त्यांच्या मरणाशीं आपलें मरण बांधून टाकतो. आणखी एका भागांत तर स्लेड नसतांनाहि तो रॉबिनला दिसूं लागतो. त्याच्या कल्पित घावांनीं रॉबिनचें खरें शरीर जखमी होतें. आणि हा शत्रु केवळ अंधारांतच दिसतो हें ध्यानांत येऊन तो दिवे लावतो तेव्हांच सुटतो. ध्येयनिष्ठा हा रॉबिनचा सर्वांत मोठा गुण, आणि त्याचा सर्व नाश त्या गुणाच्याच अतिरेकांतून होतो. दुर्गुणांपासून सावध राहा असें मुलांस सांगणारे पुष्कळ भेटतात; सद्गुणापासूनहि सावध राहावें लागतें हें सांगणारी कथा विरळा.

रेव्हनचें कथानक याहून गहन आहे. ती ट्रायगॉन नामक राक्षसाची कन्या असून, तिच्याच द्वारें तो पृथ्वीवर येईल व जगाचा नाश होईल असें भविष्य तिच्या जन्मापासून ठरलेलें आहे. चौथ्या पर्वांत तिचा जन्मदिवस उगवतो आणि तें भविष्य टळत नाहीं, तें अक्षरशः घडतें. दुबळ्या कथाकारानें तें आयत्या वेळीं खोटें पाडलें असतें. येथें जग ओसाड होतें, माणसें दगड होऊन उभीं राहतात, आणि ती स्वतः सामर्थ्य हरपलेली एक लहानगी पोर होऊन उरते. तथापि जाण्यापूर्वीं आपल्या शक्तीचा अंश तिनें सोबत्यांस देऊन ठेविला होता; त्या अंशामुळें वांचलेले सोबती तिला शोधून आणतात, आणि मग ती बापासमोर उभी राहते. जन्म दिला म्हणून कोणी बाप होत नाहीं, ज्यांनीं वाढविलें आणि ज्यांनीं विश्वास ठेविला तेच आपले, असा तिच्या बोलण्याचा भावार्थ आहे. दैव आणि प्रयत्न यांचा वाद आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या चाललेला आहे. त्यांत या कथेनें टाकलेली भर एवढीच, कीं दैव पुरें घडून गेल्यानंतरहि प्रयत्नास जागा उरते. वंश, स्वभाव, घरची परिस्थिति हीं आपल्या वागण्याचें कारण सांगतात. पण त्यांनीं कोणाची सुटका होत नाहीं, व त्यांच्यामुळें कोणाचा शेवटहि ठरून जात नाहीं.

परंतु ही मालिका ज्या पात्रामुळें विशेषेंकरून स्मरणांत राहिली तें पात्र या पांचांतील नव्हे. टेरा नांवाची एक भटकी मुलगी दुसऱ्या पर्वांत येते. माती आणि खडक हलविण्याचें सामर्थ्य तिला आहे. त्यावर ताबा मात्र नाहीं, व त्यामुळें जेथें साहाय्य करावयास जाते तेथेंच अनर्थ करून बसते. ही गोष्ट ती एकट्या बीस्ट बॉयला सांगते आणि कोणाजवळ न बोलण्याचें वचन घेते. रॉबिन आपल्या तर्कानें ती ओळखतो. टेरा समजते कीं बीस्ट बॉयनें वचन मोडलें, आणि पळून जाते. पोरवयांतील मोठमोठे अनर्थ अशा क्षुल्लक गैरसमजांतूनच निघतात, हें ज्यांनीं तरुण मुलांचा सहवास केला आहे त्यांस सांगावयास नको. स्लेड तिला ताबा शिकवितो आणि त्याच्या मोबदल्यांत तिची निष्ठा घेतो. ती परत येते, मित्रांत मिसळते, आणि एके रात्रीं त्यांचें घर शत्रूच्या हवालीं करते.

१९८४ सालच्या मूळ चित्रकथेंत टेरा ही आरंभापासून मनानेंहि शत्रूचीच होती आणि द्वेषाच्या भरांतच मेली. मालिकेनें हें बदललें. येथील टेरा दुभंगलेली आहे. घात करतांनाहि तिला मैत्री खरी वाटत असते. शेवटीं स्लेड तिच्या देहावरच ताबा मिळवितो, तेव्हां बीस्ट बॉय तिला एवढेंच म्हणतो, कीं निवड अजूनहि तुझीच आहे. ती स्लेडवर उलटते. तिच्या सामर्थ्यानें खवळलेला ज्वालामुखी शहर गिळूं लागतो. आणि तो थोपवितां थोपवितां ती स्वतः दगडाचा पुतळा होऊन राहते. पश्चात्ताप झाला, प्रायश्चित्तहि झालें. तरी पुतळा पुतळाच राहिला. पुढच्या भागांत ती हंसत हंसत परत आली नाहीं.

मालिकेच्या अगदीं अखेरच्या भागांत पुतळ्याची जागा रिकामी आढळते, आणि शहरांतील एका शाळेंत हुबेहूब टेरासारखी मुलगी बीस्ट बॉयला दिसते. तो धांवत जातो. तिला कांहीं आठवत नाहीं. निदान ती तसें म्हणते. तो तिला जुन्या जागा दाखवितो, जुने प्रसंग सांगतो, चिखल अंगावर टाकून तिचें सामर्थ्य जागें करूं पाहतो. ती मुलगी आपण नव्हे, असें ती शांतपणें सांगते आणि वर्गांकडे जाणाऱ्या इतर मुलांत मिसळून जाते. मालिका येथें संपते. ती टेरा होती कीं नव्हती, हें सांगितलें जात नाहीं. या शेवटावर अनेक प्रेक्षक चिडले, आणि ते अजूनहि त्याविषयीं वाद घालतात.

आमच्या मतें याच शेवटांत मालिकेचें सर्व मर्म आहे. बीस्ट बॉयनें टेराला मनापासून क्षमा केली होती. परंतु क्षमा करणारास क्षमा केलेल्या माणसाच्या पुढच्या आयुष्यावर हक्क मिळतो काय? 'मी तुला क्षमा केली, आतां तूं पूर्वीसारखी हो' असें म्हणणें ही क्षमा नव्हे, तो एक प्रकारचा सौदा आहे. त्या मुलीस टेरा म्हणून जगावयाचें नसेल, तर जें घडलें तें मागें ठेवून साधें, अनामिक आयुष्य जगण्याचा तिला अधिकार आहे. आणि बीस्ट बॉयच्या प्रेमाची खरी कसोटी तिला सोडून देण्यांत आहे, तिला परत मिळविण्यांत नाहीं. ही गोष्ट प्रौढ माणसांसहि जड जाते. आईबाप मुलांना, मित्र मित्रांना, पतिपत्नी एकमेकांना 'पूर्वीचें तूं' परत मागत असतात. तेरा वर्षांच्या प्रेक्षकाला तें शब्दांत सांगतां आलें नसतें. पण त्या वाटेवर एकट्या उभ्या राहिलेल्या बीस्ट बॉयबरोबर त्यानें तें सोसलें. नैयायिकांच्या भाषेंत बोलावयाचें तर तेथें संस्कार झाला, म्हणूनच स्मृति राहिली.

येथें एक आक्षेप संभवतो. मुलांच्या करमणुकींत इतका विषाद कशास हवा? जग त्यांस पुढें दुःख देणारच आहे. तें आधींच कां पाजावें? या आक्षेपांत माया आहे व म्हणून तो आदरणीय आहे. पण त्याला उत्तर असें, कीं या मालिकेंत विषादाहून थट्टाच अधिक आहे. खाण्यावरून भांडणें, खेळांतील चुरस, निव्वळ आचरट असे कित्येक भाग तिच्यांत आहेत, आणि त्यांतले कांहीं खरोखर सामान्य आहेत. केवळ दुःखी असल्यानें कोणतीहि कथा खोल होत नाहीं. आमचें म्हणणें दुःखाविषयीं नसून परिणामाविषयीं आहे. ज्या कथांत प्रत्येक भागाच्या शेवटीं पाटी पुसून कोरी होते, त्या कथा मुलाला नकळत असें शिकवितात, कीं केलेलें सर्व न केल्यासारखें करतां येतें. हें शिक्षण दुःखापेक्षां पुष्कळ घातक आहे, व तें हंसतमुखानें दिलें जातें म्हणून तर अधिकच.

दुसरा आक्षेप अधिक सूक्ष्म आहे. स्मरणांत राहण्याचें कारण मालिकेंत नसून पाहणाराच्या वयांत आहे. बाराव्या तेराव्या वर्षीं जें पाहावें तें गोडच लागतें, असें कोणी म्हणेल. त्याला आम्ही एवढेंच विचारूं, कीं त्या वयांत पाहिलेल्या इतर शंभर मालिका मग कोठें गेल्या? शिवाय या प्रश्नाची परीक्षा घेण्याची संधि आपणांस अनायासें मिळाली आहे. २०१३ सालीं 'टीन टायटन्स गो' ही मालिका निघाली. तीच पांच पात्रें, त्या पांचांना आवाज देणारे तेच कलावंत. भाग मात्र लहान, निव्वळ विनोदी, आणि संख्येनें पहिल्या मालिकेच्या कित्येक पट. तिची आम्ही निंदा करीत नाहीं. हंसविणें हें तिचें काम ती चोख करते. पण तिच्यांत मनोरा कोसळला तरी पुढच्या भागांत उभा असतो आणि कोणी कोणाचें कांहीं देणें लागत नाहीं. त्यामुळें तिच्यांतले विनोद आठवतात, एखाद्या पात्राचें कृत्य मनास लागून राहत नाहीं. उलट २००० ते २००४ या काळांतील 'स्टॅटिक शॉक' या मालिकेचें उदाहरण घ्या. तिच्या एका भागांत सोबत्यांचा छळ सोसणारा एक मुलगा शाळेंत पिस्तूल घेऊन येतो, आणि विजेची शक्ति अंगीं असलेल्या नायकाच्या डोळ्यांदेखत त्याच्या जिवलग मित्राला गोळी लागते. सामर्थ्य होतें, पण त्या क्षणीं तें उपयोगी पडलें नाहीं. तो भाग पाहिलेलें मूल आपल्या वर्गांतील छळल्या जाणाऱ्या मुलाकडे थोडें निराळ्या दृष्टीनें पाहूं लागलें असेल, तर त्या भागानें आपलें काम केलें.

यावरून आम्हांस जो सिद्धांत काढावयाचा आहे तो असा: पोरवयाच्या वीराची कथा स्मरणीय होते ती तिनें त्या पोराच्या कृत्यास खरें कृत्य मानलें म्हणून. तें घडलें, त्याचा कोणास तरी लाभ अथवा घात झाला, आणि तें पुसतां येत नाहीं, एवढी प्रतिष्ठा कथा त्याच्या कृत्यास देते. मुलांना लाडापेक्षां ही प्रतिष्ठा अधिक हवी असते. 'तूं अजून लहान आहेस' हें वाक्य आपण त्यांना सोडविण्यासाठीं वापरतों, पण त्यांना तें अपमानासारखें लागतें, आणि त्यांत त्यांचें सर्वस्वीं चुकतें असें आम्हांस वाटत नाहीं.

आतां अभिमन्यूच्या वडीलधाऱ्यांकडे येऊं. आज आपण आपल्या मुलांच्या हातीं जें सामर्थ्य देतों तें कोणत्याहि मेंढपाळाच्या अंगठीहून कमी नाहीं. विवेक पुरता येण्यापूर्वींच त्यांच्या हातांत वेगवान वाहन येतें, आणि हाताएवढ्या यंत्रांतून एखाद्या सोबत्याची बदनामी घटकेंत गांवभर करण्याची शक्ति येते. तीहि बहुधा स्वतःचें तोंड न दाखवितां. हें देणें आपण थांबवूं शकत नाहीं, आणि ॲरिस्टॉटल म्हणतो तें खरें असेल तर थांबवूंहि नये; हात घातल्यावांचून हात बसत नाहीं. मात्र तें देतांना 'तूं हो पुढें, आम्ही आहोंतच' असें आपणहि म्हणतों, आणि दारांतच अडतों: कोणी कचेरीच्या कामानें, कोणी स्वतःच्या पडद्यामुळें, कोणी केवळ संकोचानें. मग उरलेलें काम आपण उपदेशाकडून करवून घेऊं पाहतों.

अशा घरांतून मूल एखादें कार्टून पाहत बसलेलें दिसलें म्हणजे, किती वेळ पाहतो आहेस, हा एकच प्रश्न विचारण्याची चाल पडली आहे. तो प्रश्न अगदींच गैरलागू आहे असें नाहीं. पण त्याच्या जोडीला दुसराहि एक विचारावा: या कथेंत केलेली गोष्ट केलेली राहते काय? राहत असेल, तर शेजारीं बसून ती पाहावी. मध्येंच तात्पर्य सांगूं नये. भाग संपल्यावर मूल गप्प झालेलें दिसलें, तर त्या मौनाची घाई करूं नये. त्याच्या मनांत कोणाचा तरी विचार चालू असतो, आणि ज्याचा तें विचार करीत असतें तो पडद्यावरचाच असेल असें नाहीं.